एकच उतारा, अनेक वाचने: लूक १०:२५–३७ चा अभ्यास टप्प्याटप्प्याने

पवित्र शास्त्राचा अर्थ लावण्याच्या पद्धतींवर नुसती व्याख्याने ऐकून फारसे हाती लागत नाही. एक उतारा घ्यायचा आणि निरनिराळ्या ख्रिस्ती परंपरांनी तो जसा वाचला तसा आपणही वाचून पाहायचा, म्हणजे कुठल्या पद्धतीचे बळ कशात आहे आणि ती कुठे घसरते हे कळते. आमच्या अभ्यासगटात वसईकडचे कॅथलिक आहेत, नगर-जालन्याकडचे प्रोटेस्टंट आहेत. अशा मिश्र गटाला लूकच्या शुभवर्तमानातला १०:२५–३७ हा उतारा, म्हणजे शोमरोन्याचा दाखला, फार उपयोगी पडतो. यरुशलेमेहून यरीहोला उतरणाऱ्या माणसाला लुटारू अर्धमेला टाकून जातात; याजक आणि लेवी (मंदिरसेवकांच्या कुळातला माणूस) त्याला पाहून पुढे जातात, आणि यहुद्यांशी वैर असलेल्या समाजातला शोमरोनी त्याला वाचवतो, अशी ही गोष्ट. तेरा वचनांत संपतो, सगळ्यांना लहानपणापासून ठाऊक असतो, आणि तिसऱ्या शतकापासून आजपर्यंत जवळजवळ प्रत्येक पद्धतीने त्याच्यावर काम झालेले आहे. शिवाय उताऱ्यातच येशू प्रश्न घेऊन आलेल्या शास्त्र्याला, म्हणजे यहुदी नियमशास्त्राच्या जाणकाराला, विचारतो की नियमशास्त्रात काय लिहिले आहे, तू ते कसे वाचतोस? म्हणजे अर्थ लावण्याचा विषय बाहेरून आणावा लागत नाही.

आधी कागद तयार करायचा. उतारा एका पानावर, ओळींत भरपूर जागा सोडून, दोन्ही बाजूंना समास ठेवून टाईप करून घ्यावा. वचनांचे आकडे आणि वरचा मथळा काढून टाकावा. हे आकडे मूळ लेखनात नव्हते. अध्यायांची आज प्रचलित असलेली विभागणी तेराव्या शतकाच्या सुरुवातीची, स्टीफन लँग्टनची, आणि नव्या कराराचे वचनक्रमांक रोबेर एस्तिएनच्या १५५१ च्या आवृत्तीतले. ‘चांगला शोमरोनी’ हा मथळाही नंतरचा. उताऱ्यात त्या माणसाला कुणीच चांगला म्हटलेले नाही. मथळा काढला की वाचणारा निष्कर्षापासून सुरुवात करायचे थांबतो. शेजारी निदान दोन मराठी भाषांतरे असावीत. पंडिता रमाबाईंनी हिब्रू आणि ग्रीकवरून थेट केलेले, केडगावच्या मुक्ती मिशनमधून १९२४ मध्ये प्रसिद्ध झालेले भाषांतर मिळाले तर जरूर घ्यावे. दोन भाषांतरे जिथे वेगळी बोलतात तिथे समासात खूण करायची आणि पुढे जायचे. तिथेच अडकून बसले तर बैठक संपते.

पहिल्या वाचनात काहीही समजावून सांगायचे नाही. एकाने मोठ्याने वाचायचे, बाकीच्यांनी पेन्सिलीने फक्त क्रियापदांखाली रेघा मारायच्या. हे काम कंटाळवाणे वाटते, पण ते गाळू नये. याजक वाटेने खाली येत होता, त्याने पाहिले, तो दुसऱ्या बाजूने गेला. लेवी त्या ठिकाणी आला, त्याने पाहिले, तोही दुसऱ्या बाजूने गेला. मग शोमरोन्याच्या ओळी येतात आणि पेन्सिल थांबतच नाही: आला, पाहिले, कळवळला, जवळ गेला, तेल आणि द्राक्षारस ओतला, जखमा बांधल्या, आपल्या जनावरावर बसवले, उतारशाळेत नेले, काळजी घेतली, दुसऱ्या दिवशी दोन दिनार काढले, दिले, सांगितले. तिघांनीही पाहिले आहे. फरक पाहण्यानंतर सुरू होतो. हे कुणी तोंडाने सांगण्याऐवजी कागदावर दिसले की गट त्याच्यावर विश्वास ठेवतो.

दुसऱ्या वाचनात संवादाचा सांगाडा काढायचा. शास्त्री विचारतो, येशू उलट विचारतो, शास्त्री उत्तर देतो, येशू म्हणतो ‘हेच कर’. मग पुन्हा तीच चाल: शास्त्री विचारतो, येशू दाखला सांगून उलट विचारतो, शास्त्री उत्तर देतो, येशू म्हणतो ‘जा, तूही तसेच कर’. दोन फेऱ्या समोरासमोर लिहिल्या की दुसऱ्या फेरीतली गाठ दिसते. शास्त्र्याचा प्रश्न आहे, माझा शेजारी कोण? येशूचा प्रश्न आहे, तिघांपैकी शेजारी कोण झाला? पहिल्या प्रश्नात शेजारी म्हणजे ज्याच्यावर प्रीती करायची तो. दुसऱ्यात प्रीती करणारा. हा सांधा जुळत नाही म्हणून काही अभ्यासकांनी संवाद आणि दाखला मुळात वेगळे असावेत आणि लूकने ते जोडले असावेत असा तर्क केला. तो तर्क ऐकून घ्यावा, पण माझ्या मते सांधा मुद्दामच तिरपा ठेवलेला आहे. शास्त्र्याला आपल्या जबाबदारीची हद्द कळून घ्यायची होती, आणि येशूने प्रश्नाचा रोख त्याच्यावरच वळवला.

याच टप्प्यावर मागचे-पुढचे अध्याय आणि समांतर उतारे पाहायचे. मत्तय २२:३४–४० आणि मार्क १२:२८–३४ मध्ये देवावर आणि शेजाऱ्यावर प्रीती करण्याच्या दोन आज्ञा येशू स्वतः सांगतो, आणि प्रसंग यरुशलेमेतल्या शेवटच्या दिवसांतला आहे. लूकमध्ये आज्ञा शास्त्र्याच्या तोंडी आहेत, आणि प्रसंग प्रवासातला. मागे एकच अध्याय गेले तर ९:५१–५६ मध्ये शोमरोन्यांच्या एका गावाने येशूला थारा दिलेला नाही, आणि याकोब व योहान आकाशातून अग्नी पाडायला निघाले आहेत. दाखल्यातला शोमरोनी त्या अपमानानंतर येतो. रविवारच्या वाचनात दाखला सुटा येतो म्हणून ही गोष्ट बहुतेकांच्या ध्यानात आलेली नसते.

मग इतिहास. इथे माहिती भरपूर आहे, आणि चुकाही इथेच सर्वांत जास्त होतात. यरुशलेम समुद्रसपाटीपासून साधारण ७५० मीटर उंचावर, यरीहो समुद्रसपाटीच्या सुमारे २५० मीटर खाली. सत्तावीसेक किलोमीटरच्या वाटेत हजार मीटरचा उतार, म्हणजे आपल्याकडचा घाट उतरावा तसा, पण ओसाड आणि खडकाळ. म्हणून ‘खाली जात होता’ हे शब्द अक्षरशः घ्यायचे. दिनार ही मजुराची एका दिवसाची मजुरी, हे मत्तय २०:२ वरून कळते. म्हणजे शोमरोन्याने दोन दिवसांची मजुरी आगाऊ दिली आणि वरचा खर्च परत आल्यावर देईन म्हणून बांधून घेतला. यहुदी आणि शोमरोनी यांच्यातले वैर केवळ धार्मिक मतभेदाचे नव्हते. गरिज्जीम डोंगरावरचे शोमरोन्यांचे मंदिर इ.स.पू. दुसऱ्या शतकात योहान हिर्कानस या यहुदी राज्यकर्त्याने पाडले. पुढे कोपोनियस हा रोमी सुभेदार असताना, इ.स. ६ ते ९ च्या दरम्यान, वल्हांडणाच्या सणात काही शोमरोन्यांनी यरुशलेमेच्या मंदिरात माणसांची हाडे टाकून ते विटाळले असे पहिल्या शतकातला यहुदी इतिहासकार जोसिफस लिहितो. दाखला ऐकणाऱ्यांच्या वडीलधाऱ्यांना ही घटना आठवत असणार.

आता घसरायची जागा. याजक आणि लेवी का थांबले नाहीत? मराठी गटात उत्तर लगेच येते: सोवळे मोडेल म्हणून. ऐकणारा आपल्याकडची शिवाशिव आणि भटजी त्या रस्त्यावर उभा करतो आणि सगळे समजल्यासारखे वाटते. हे उत्तर जपूनच घ्यावे लागते. लेवीय २१:१–४ मध्ये मृताला शिवू नये हा नियम आहे खरा, पण तो अहरोनाच्या वंशातल्या याजकांना आहे. लेव्याला तो लागू नाही. याजक यरुशलेमेहून खाली येतो आहे, म्हणजे मंदिरातली सेवा पुढे नव्हे, मागे आहे. दुसरे असे की बेवारस प्रेताची व्यवस्था लावण्याचे कर्तव्य यहुदी परंपरेने फार वरचे मानले, इ.स. २०० च्या सुमारास संकलित झालेल्या मिश्ना या यहुदी नियमसंग्रहाच्या नाझीर या प्रकरणात तर महायाजकानेही अशा प्रेतासाठी विटाळ पत्करावा असे आहे. आणि तो माणूस मेलेला नव्हताच, अर्धमेला होता. सगळ्यांत महत्त्वाचे, लूकने कारण दिलेलेच नाही. भीती, घाई, दुर्लक्ष, काहीही असू शकेल. शुद्धीच्या नियमावर बोट ठेवले की दाखला ‘कर्मठ यहुदी विरुद्ध दयाळू ख्रिस्ती’ असा होतो, आणि शतकानुशतके यहुद्यांविरुद्ध वापरल्या गेलेल्या वाचनाला आपणही हातभार लावतो. खरे तर यहुदी श्रोत्याला याजक, लेवी यांच्यानंतर साधा इस्राएली माणूस येईल अशी अपेक्षा असणार, कारण समाजाची ती नेहमीची त्रयी होती. तिसऱ्या जागी शोमरोनी आला, धक्का तिथे आहे. म्हणून आमच्या कागदावर याजकाच्या ओळीसमोर ‘कारण दिलेले नाही’ एवढेच लिहिलेले असते.

यानंतर रूपकात्मक वाचन. हे प्रोटेस्टंटांना जड जाते, कॅथलिकांना सोपे वाटते. दोघांनीही हिशेबाने करावे. तिसऱ्या शतकात ओरिगेन या ख्रिस्ती विद्वानाने लूकवरच्या चौतिसाव्या प्रवचनात आपल्या आधीच्या, मंडळीतल्या एका ज्येष्ठाने लावलेला अर्थ नोंदवला: वाटसरू म्हणजे आदाम, यरुशलेम म्हणजे स्वर्ग, यरीहो म्हणजे जग, लुटारू म्हणजे शत्रुशक्ती, याजक म्हणजे नियमशास्त्र, लेवी म्हणजे संदेष्टे, शोमरोनी म्हणजे ख्रिस्त, उतारशाळा म्हणजे मंडळी. पुढे बिशप ऑगस्टीनने जवळपास हाच आराखडा घेतला आणि तपशील वाढवले: तेल म्हणजे आशेचे सांत्वन, द्राक्षारस म्हणजे उत्साहाने काम करण्याची प्रेरणा, जनावर म्हणजे ख्रिस्ताने धारण केलेला देह, उतारशाळेचा रखवालदार म्हणजे प्रेषित पौल. फ्रान्समधल्या शार्त्र कॅथीड्रलला तेराव्या शतकाच्या सुरुवातीची एक काचखिडकी आहे. तिच्यात खाली हा दाखला आणि वर आदाम-हव्वेची निर्मिती व पतन एकाच रचनेत बसवले आहे. वाचता न येणाऱ्या भाविकाला हे वाचन असे डोळ्यांनी मिळत होते. पूर्वेकडच्या ऑर्थोडॉक्स मंडळ्यांत क्रीटच्या अँड्र्यूचा महाकॅनन हे पश्चात्तापाचे दीर्घ गीत उपवासकाळात गातात; त्यात लुटला गेलेला माणूस म्हणजे गाणाऱ्याचाच आत्मा आहे.

हे वाचन तपासायची आमची रीत अशी. कागदावर दोन रकाने करायचे: डावीकडे दाखल्यातली वस्तू किंवा माणूस, उजवीकडे परंपरेने दिलेला अर्थ. मग प्रत्येक ओळीला एकच प्रश्न विचारायचा: लूकच्या लिखाणात याला आधार आहे का? दोन दिनारांपाशी पहिली अडचण येते. ओरिगेनने सांगितलेल्या त्या ज्येष्ठाला ते पिता आणि पुत्र वाटतात. ऑगस्टीनला प्रीतीच्या दोन आज्ञा. कोण बरोबर हे ठरवायला उताऱ्यात काहीच नाही. पौलाची ओळही तशीच सुटते, कारण त्या प्रवासात त्याचा मागमूस नाही. पण शोमरोनी म्हणजे ख्रिस्त ही ओळ सुटत नाही. कळवळण्याचे जे ग्रीक क्रियापद इथे आहे ते लूकने आपल्या शुभवर्तमानात आणखी दोनदाच वापरले आहे: ७:१३ मध्ये नाईनच्या विधवेला पाहून येशूच्या बाबतीत, आणि १५:२० मध्ये परतणाऱ्या मुलाला पाहणाऱ्या बापाच्या बाबतीत. म्हणजे लूकच वाचकाला तिकडे बोट दाखवतो आहे. सगळे रूपक एकगठ्ठा स्वीकारणे किंवा फेकून देणे, दोन्ही आळसाचे. ओळीओळीने निवड करावी लागते.

मध्ययुगात या निवडीला शिस्त होती, हे आवर्जून सांगितले पाहिजे. पाचव्या शतकात जॉन कॅसियनने ‘यरुशलेम’ या एकाच नावाचे चार अर्थ मांडले: इतिहासात यहुद्यांचे नगर, रूपकाने मंडळी, नीतीच्या अंगाने माणसाचा आत्मा, आणि अंतिम आशेच्या अंगाने स्वर्गीय नगर. थॉमस अक्वायनसने तेराव्या शतकात ठाम मर्यादा घातली: बाकीचे तिन्ही अर्थ अक्षरार्थावर उभे राहतात, आणि सिद्धांतासाठी युक्तिवाद करायचा तर तो अक्षरार्थावरूनच. चार अर्थांचा अभ्यास करताना गटाने चार रकाने भरण्याआधी पहिला पूर्ण भरावा आणि बाकीच्या प्रत्येक वाक्यापासून पहिल्याकडे एक रेघ ओढावी. जिथे रेघ ओढता येत नाही ते वाक्य खोडायचे. ऑगस्टीनवरही अन्याय होऊ नये. ‘ख्रिस्ती शिकवणीविषयी’ या ग्रंथाच्या पहिल्या भागात त्याने हाच दाखला अगदी साध्या अर्थाने घेऊन शेजारी म्हणजे प्रत्येक माणूस असे दाखवले आहे. दोन्ही वाचने त्याच्याकडे एकत्र नांदतात.

सोळाव्या शतकातला प्रोटेस्टंट सुधारक कॅल्व्हिन याला मात्र हे रूपक मान्य नव्हते. या दाखल्यावरच्या भाष्यात त्याने शोमरोनी म्हणजे ख्रिस्त हे वाचन नाकारले आणि शास्त्राचा सहज अर्थ झाकण्याची मोकळीक आपल्याला नाही असे बजावले. त्याच्या परंपरेतला नियम १६४६ च्या वेस्टमिन्स्टर विश्वासअंगीकारात आहे: शास्त्राचा अर्थ लावण्याचे अचूक प्रमाण शास्त्रच. हा नियम वापरायला संदर्भसूची लागते. लेवीय १९:१८ उघडला तर ‘शेजारी’ हा ‘आपल्या लोकांतला’ या शब्दांच्या बाजूला उभा आहे, म्हणजे शास्त्र्याचा प्रश्न पोकळ नव्हता. त्याच अध्यायात सोळा वचने पुढे, १९:३४ मध्ये, परक्यावरही स्वतःसारखीच प्रीती करण्याची आज्ञा आहे. शास्त्र्याने पहिले वचन उद्धृत केले. दुसरे त्याच्यासमोर होतेच. आणि २ इतिहास २८:१५ वाचल्यावर तर गट गप्प बसून पुन्हा वाचतो: शोमरोनातले लोक यहूदाच्या कैद्यांना कपडे देतात, खाऊपिऊ घालतात, तेल लावतात, अशक्तांना गाढवांवर बसवतात आणि यरीहोला पोहोचवतात. दाखल्याची जवळजवळ सगळी सामग्री तिथे आहे.

पण या पद्धतीचाही एक सापळा आहे. संदर्भसूचीत शब्द सापडला की अर्थही सापडला असे समजून दहा-वीस वचने एकामागून एक वाचली जातात आणि मूळ उतारा बाजूला राहतो. आम्ही एका बैठकीत चारपेक्षा जास्त संदर्भ घेत नाही, आणि प्रत्येक संदर्भाचा स्वतःचा अध्याय आधी वाचतो.

अडॉल्फ युलिखर या जर्मन अभ्यासकाने १८८८ आणि १८९९ च्या दोन खंडांत दाखल्यांतून रूपक जवळपास हद्दपार केले आणि प्रत्येक दाखल्यात एकच मुद्दा असतो असे मांडले. मध्ययुगीन अतिरेकानंतर हे औषध लागणारच होते. तरी त्याचा डोस जास्त झाला की ‘गरजूला मदत करा’ एवढेच उरते, आणि मग मदत करणारा शोमरोनीच का, हे कळत नाही.

कॅथलिक वाचकासाठी इथे दोन दस्तऐवज कामाचे आहेत. १९४३ मध्ये पोप बाराव्या पायसच्या परिपत्राने मूळ भाषा आणि साहित्यप्रकार यांच्या अभ्यासाला बळ दिले. १९६५ मध्ये दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेच्या ‘देई व्हेर्बुम’च्या बाराव्या परिच्छेदाने त्यात तीन कसोट्या जोडल्या: संपूर्ण शास्त्राची एकता, मंडळीची जिवंत परंपरा, आणि विश्वासाच्या सत्यांचा परस्परमेळ. ऑर्थोडॉक्स परंपरेत ६९२ च्या त्रुलो परिषदेचा एकोणिसावा नियम मंडळीच्या प्राचीन धर्मपित्यांनी घालून दिलेल्या वाटेबाहेर अर्थ लावू नये असे सांगतो. मिश्र गटात वाद बहुधा उताऱ्याच्या अर्थावर होत नाही. अर्थ कुणी ठरवायचा यावर होतो. तो वाद वेगळ्या कागदावर लिहून ठेवावा. तो खरा आहे, महत्त्वाचा आहे, पण एका दाखल्याच्या अभ्यासात सुटणारा नाही.

एक वाचन आम्ही कधीच वगळत नाही, आणि ते महाराष्ट्रात वगळता कामाही नये. अरविंद निर्मळ यांनी १९८१ पासून दलित ईश्वरविद्येची मांडणी सुरू केली तेव्हा जुन्या करारातल्या अनुवाद या पुस्तकाच्या २६ व्या अध्यायातला भटक्या पूर्वजाचा अंगीकार पायाशी घेतला: आपण कुणाचे वंशज आहोत हे सांगण्यापासून वाचन सुरू होते. हीच दिशा या दाखल्याला लावायची, म्हणजे वाचणाऱ्याने शोमरोन्याच्या जागी आपोआप जाऊन बसायचे नाही. पहिल्यांदा पडलेल्या माणसाच्या जागेवरून वाचायचे. त्याचे कपडे काढून घेतले आहेत, तो बोलू शकेल अशा अवस्थेत नाही. तो कुठल्या जातीचा, कुठल्या गावचा हे वाटेवरून जाणाऱ्याला कळणार नाही. लूकनेही फक्त ‘एक माणूस’ म्हटले आहे. आता ज्याच्या हातचे पाणी आपल्या घराने नाकारले असते, त्याच्या हातचे तेल आणि द्राक्षारस या अंगावर घ्यायचे आहेत. ज्यांच्या घरांना असे नाकारणे माहीत आहे ते आणि ज्यांच्या घरांनी नाकारले ते एकाच टेबलाशी बसलेले असतात, तेव्हा हा टप्पा घाईने आटपू नये. शेवटी शास्त्र्याच्या उत्तराकडे परत यायचे: ‘शोमरोनी’ असे तो म्हणत नाही, ‘ज्याने दया केली तो’ असे म्हणतो. तोंडातून ते नाव का निघाले नाही, हे प्रत्येकाने आपल्यापुरते लिहायचे.

प्रार्थनेचे वाचन याच्या मागून. बाराव्या शतकातल्या दुसऱ्या गीगो या कार्थूसी मठाधिपतीने चार पायऱ्या दिल्या: वाचन, मनन, प्रार्थना, चिंतन. आम्ही ३३ ते ३५ एवढीच वचने घेतो, सावकाश, मधे थांबून. अभ्यासाआधी हे केले तर मन पाठ असलेल्या अर्थावरच फिरत राहते. नंतर केले तर क्रियापदांखालच्या रेघा मदतीला येतात.

कागद टाकून द्यायचा नसतो. पुढच्या बैठकीला त्याच्याच खाली १०:३८–४२ जोडायचे. शास्त्र्याला ‘जा, कर’ म्हणून सांगितल्यावर लागलीच खूप काही करणाऱ्या मार्थेला तिच्याच घरी थांबवले आहे आणि पायाशी बसून ऐकणाऱ्या मरीयेची बाजू घेतली आहे. हे दोन प्रसंग लूकनेच शेजारी ठेवलेले आहेत, आणि त्यांचा मेळ कसा लावायचा यासाठी पुन्हा क्रियापदांपासूनच सुरुवात करावी लागते.